काटा उशिरा सांगतो

आप्पांना दवाखान्यातून घरी आणलं त्याच्या तिसऱ्या रात्री मला जाग आली ती आवाजानं नाही, आवाज थांबल्यानं. फ्रिज बंद झाला की मगच कळतं ना, की इतका वेळ तो घुमत होता, तसं. माजघरात त्यांची कॉट, खाली गाद्या टाकून आई आणि मी. उठून बसले. कॉटवरनं काहीच ऐकू येत नव्हतं.

"पड गं. येतोय परत," आई अंधारातनं म्हणाली. ती जागीच होती.

आणि आला. आधी इतका बारीक, की भास वाटावा. मग जरा मोठा, मग आणखी मोठा. दहाव्या-बाराव्या श्वासाला तर माणूस दोन जिने धावत चढून आलाय असं वाटावं. मग ज्या पायऱ्यांनी चढला त्याच पायऱ्यांनी तो उतरत गेला, बारीक झाला, आणि पुन्हा काही नाही. या खेपेला मी मोजलं. वीस, एकवीस, बावीस. बाविसाला पुन्हा सुरू.

"कधीपासनं चाललंय हे?"

"महिना झाला असेल."

"मग डॉक्टरांना सांगितलं का नाहीस?"

"काय सांगू? झोपेत श्वास घ्यायचं विसरतात म्हणून सांगू?"

तेव्हा मला तिचा राग आला होता. पुढं कधीतरी वाचताना कळलं, की अडीच हजार वर्षांपूर्वी ग्रीसमधल्या एका वैद्यालाही यापेक्षा बरे शब्द सापडले नव्हते. हिप्पोक्रेटिसच्या नावावर असलेल्या रोगनोंदींत थासोस बेटावरच्या फिलिस्कस नावाच्या रोग्याची हकिकत आहे. ताप आला आणि सहाव्या दिवशी तो गेला. त्याच्या श्वासाबद्दल लिहिलंय, की तो शेवटपर्यंत विरळ आणि मोठा होता, जणू माणूस आठवून आठवून श्वास घेतोय. आई सातवी शिकलेली. तिनं हे पुस्तक पाहिलेलं नाही. ती फक्त रात्री जागी होती.

श्वासाच्या बाबतीत आपली भाषा मुळीच गरीब नाही. जिना चढून लागतो तो दम, त्याहून जास्त ती धाप. ऊर धपापतो, छाती भरून येते, जीव घुसमटतो. लहान मूल आजारी पडलं की 'पोट उडतंय' म्हणतात आणि त्या दोन शब्दांत कुठलाही बालरोगतज्ज्ञ समजायचं ते समजतो. शेवटाला घरघर लागते, ऊर्ध्व लागतो. त्यातला 'ऊर्ध्व' तर थेट चरकसंहितेतला. तिथं श्वासाचे पाच प्रकार सांगितलेत, महा, ऊर्ध्व, छिन्न, तमक आणि क्षुद्र. पहिल्या तिघांवर उपाय नाही असं स्वच्छ सांगून टाकलंय. महाश्वासाला माजलेल्या बैलाच्या फुत्काराची उपमा आहे, लांबूनही ऐकू येतो म्हणून. तमकात रोग्याला आडवं होववत नाही, उठून बसलं की बरं वाटतं. म्हणजे ज्यानं हे लिहिलं त्यानं रोग्यापाशी बराच वेळ घालवला असणार. बसल्यावर बरं वाटतं की पडल्यावर, हे येता-जाता दिसत नाही.

आणि उसासा. लहानपणी मी उसासा टाकला की आजी खेकसायची, "भरल्या घरात उसासे कसले टाकतेस?" आता वाचते तर निरोगी माणूससुद्धा साधारण दर पाच मिनिटांनी एक उसासा टाकतोच, त्याच्या नकळत. फुप्फुसातल्या बारीक पिशव्या हळूहळू मिटत जातात, एक मोठा श्वास आला की पुन्हा उघडतात. आजीही टाकत असणार, तासाला बाराच्या हिशेबानं.

पण मूळ गोष्ट आप्पांची. आप्पा सहकारी साखर कारखान्यात बॉयलरवर होते, एकतीस हंगाम. निवृत्त झाल्यावर सातआठ वर्षांनी पहिला झटका आला आणि नंतर हृदय जे ढिलं पडलं ते पडलंच. आमच्याकडं हल्ली माणसाची तब्येत विचारताना 'पंपिंग किती आहे?' असं विचारतात. आप्पांचं पंपिंग पंचवीस टक्के. संध्याकाळी पाय सुजायचे, बोटानं दाबलं की खड्डा पडायचा आणि बराच वेळ तसाच राहायचा. पहिल्याच भेटीत डॉक्टरांनी विचारलं होतं, "झोपताना उशा किती लागतात?" मला वाटलं गप्पा मारताहेत. तर ती तपासणीच होती. एका उशीच्या दोन झाल्या, दोनाच्या तीन झाल्या, म्हणजे आडवं पडल्यावर फुप्फुसात पाणी चढतंय. आप्पा तीन उशा आणि वर एक घडी केलेली सोलापुरी चादर, असे झोपायचे.

दवाखान्यात असताना एक वयस्क सिस्टर होत्या. त्या आप्पांचं मनगट धरून घड्याळाकडं बघत उभ्या राहायच्या. रोजच्यापेक्षा जरा जास्तच वेळ. एकदा माझ्या लक्षात आलं, की त्यांची नजर एकदा घड्याळावर आणि बाकी सगळी आप्पांच्या छातीवर आहे. बाहेर आल्यावर विचारलं तर हसल्या. म्हणाल्या, "नाडी अर्ध्या मिनिटात होते माझी. नंतरचं एक मिनिट श्वास मोजते. सांगून मोजला तर माणूस श्वास घ्यायला लागतो."

हे वाक्य मी कित्येक दिवस चघळत होते. नाडी सांगून मोजली तर फार काही बिघडत नाही, ताप सांगून मोजला तर काहीच बिघडत नाही. श्वास मात्र असा, की त्याच्याकडं बघितलंय असं कळलं की तो सावरून बसतो. आत्ता हे वाचताना तुमचाही बसला असेल.

त्याच दवाखान्यात रात्रपाळीचा तक्ता मी पाहिला. कॉटच्या पायाशी अडकवलेला असायचा. ताप, नाडी, ब्लड प्रेशर सगळं खालीवर होत होतं. श्वासाच्या रकान्यात मात्र ओळीनं २०, २०, २०, २०. शेजारच्या कॉटवरच्या आजोबांना २०, त्यांच्या पलीकडं टायफॉइडचा कॉलेजातला मुलगा होता त्यालाही २०. त्या एका दवाखान्याला नावं ठेवायचं कारण नाही. जगभर हेच चालतं, आणि डॉक्टर लोक आपसात त्यावर विनोदही करतात. मोठ्या माणसाचा श्वास मिनिटाला १२ ते २० असतो, तेव्हा २० लिहिलं की कुणी काही विचारत नाही. यंत्र लावून नाडी मिळते, दाब मिळतो. साध्या वॉर्डात श्वासासाठी मात्र कुणीतरी एक अख्खं मिनिट उभं राहावं लागतं. खरी अडचण त्या मिनिटाची आहे.

मी घरी आल्यावर रोज रात्री आप्पांना झोप लागली की मोजायला लागले. छाती उचलली की एक. लिहायला वेगळी वही कुठं शोधा, म्हणून स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवरच लिहायचे. तिथं सुतळीला पेन बांधलेलं असायचं, दुधाच्या हिशेबासाठी. चौकोनात डाव्या बाजूला आईचे दुधाचे आकडे, एक, दीड, एक. उजवीकडं माझे, २२, २०, २४.

पुढच्या तपासणीला मी डॉक्टरांना त्या चढउताराबद्दल सांगितलं. हातानं हवेत डोंगर काढून दाखवले. त्यांनी लगेच मान हलवली. म्हणाले, "याला नाव आहे. चेन-स्टोक्स." दोघंही डब्लिनचे डॉक्टर. जॉन चेन यांनी १८१८ मध्ये साठ वर्षांच्या एका रोग्याची हकिकत छापली. त्याचा श्वास पाव मिनिट अगदी बंद राहायचा, मग हळूच जाणवायला लागायचा, वाढत वाढत जोरात चालायचा आणि पुन्हा ओसरायचा. एका फेऱ्याला सुमारे एक मिनिट, त्यात तीसेक श्वास. म्हणजे चेनही तिथं बसून मोजत होते. पुढं १८५४ साली विल्यम स्टोक्स यांनी हृदयरोगावरच्या आपल्या ग्रंथात हाच श्वास दुबळ्या हृदयाशी जोडून मांडला.

आप्पा समोरच बसलेले. "पण होतं कशानं?" त्यांनी विचारलं. यंत्र का बिघडलं हे कळल्याशिवाय त्यांना कधीच चैन पडत नसे.

डॉक्टर भले गृहस्थ, बाहेर गर्दी असून त्यांनी समजावलं. श्वास कधी घ्यायचा, किती घ्यायचा हे मेंदूच्या देठात ठरतं. तिथं मुख्यतः पाहिलं जातं ते रक्तातल्या कार्बन डायऑक्साइडकडं. ऑक्सिजनचा नंबर नंतर. तो वायू वाढला की श्वास वाढवा, कमी झाला की आवरा. आपण श्वास रोखून धरला की आतून जी तडफड होते तीही मुख्यतः तो वायू साठल्याची. आता हृदय अशक्त झालं की रक्त फुप्फुसातून मेंदूपर्यंत पोचायला जास्त वेळ घेतं. म्हणजे मेंदूला जी बातमी मिळते ती शिळी असते. वायू केव्हाच धुऊन निघालाय, पण मेंदूला अजून तो जास्तच दिसतोय, म्हणून तो श्वास वाढवत नेतो. खरी बातमी पोचते तेव्हा वायू फारच कमी झालेला असतो. मग श्वास बंदच. तोवर वायू पुन्हा साठलेला असतो, आणि तीही बातमी उशिराच पोचते.

आप्पांचा चेहरा उजळला. मी त्यांना इतकं खूश झालेलं आजारपणात कधी पाहिलं नव्हतं.

"अहो डॉक्टर, हे बॉयलरवर नवं पोरगं बसवल्यागत झालं की. काटा जरा खाली आला की घाबरतंय, चिपाड लोटतंय. चिपाड पेटायला वेळ, वाफ व्हायला वेळ. काटा काही हलत नाही. मग अजून लोटतंय. मग सगळं एकदम पेटतं, काटा वर, सेफ्टी व्हॉल्व्ह बोंब मारतोय. मग हे सगळं बंद करून बसतंय. काटा परत खाली. दिवसभर झोके. आम्ही नव्या पोराला पहिलं हेच सांगायचो, काटा उशिरा सांगतो, त्याच्या नादी लागू नको, आगीकडं बघ."

"पोरगं जुनंच आहे आप्पा," डॉक्टर म्हणाले, "पाइपलाइन लांबलीय."

"घाबरट झालंय का नाही?"

डॉक्टर थांबले. "तेही झालंय. अशा आजारात मेंदू त्या वायूला जरा जास्तच चिडतो."

"मग बरोबर," आप्पा म्हणाले. पाइप लांब आणि माणूस घाबरट, दोन्ही असल्याशिवाय झोके बसत नाहीत, असं त्यांनी मला रिक्षात पुन्हा समजावलं.

त्या रात्री मी एक उद्योग केला. कोविडात घेतलेला ऑक्सिमीटर झोपलेल्या आप्पांच्या बोटाला लावला. श्वास थांबला तेव्हा आकडा ९५. थांबलेलाच होता तेव्हाही ९४. मग श्वास सुरू झाला, वाढला, अगदी जोरात आला, आणि तेव्हा कुठं आकडा घसरायला लागला. ९१, ८९, ८८. छाती भरभरून हवा ओढतेय आणि बोटावरचा आकडा खाली चाललाय. बोटाला कळत होती ती मघाची गोष्ट. मी सकाळी आप्पांना सांगितलं. ते म्हणाले, "मग? काय सांगत होतो?"

हा श्वास म्हणजे आता संपलंच, असं मात्र नाही. माझा मावसभाऊ लेहला गेला होता. साडेतीन हजार मीटरवर पहिल्या दोन रात्री त्याची बायको त्याला हलवून हलवून उठवत होती, कारण धडधाकट माणूस झोपेत श्वास थांबवून पडलेला. विरळ हवेत श्वास वाढतो, त्यानं वायू जास्त धुऊन जातो, मग मेंदू म्हणतो थांबा. तोच झोका, हृदय ठणठणीत असताना. नव्या जन्मलेल्या बाळांतही पाचदहा सेकंदांचे असे खंड पडतात आणि ते बहुतेक वेळा निर्धास्त असतात. वीस सेकंदांवर गेला, किंवा बाळ निळं-फिकट पडलं, की मात्र धावायचं.

आणि घोरणं वेगळं. हे मला काकांमुळं माहीत होतं. काका झोपेत कुंभकर्णासारखे घोरायचे, मध्येच आवाज बंद, मग फुर्रकन सुटायचा. तिथं श्वास थांबतो तो घसा मिटल्यानं. छाती आणि पोट आत धडपडत असतं, दार आतून ढकलावं तसं. आप्पांच्या वेळी मी टॉर्च खाली धरून पाहिलं, पोट शांत होतं. ढकलायचा हुकूमच आलेला नव्हता. काकांना रात्री नाकावर लावायचं हवेच्या दाबाचं यंत्र मिळालं आणि काकूला वीस वर्षांनी झोप मिळाली. हे यंत्र सिडनीच्या कॉलिन सुलिव्हन यांनी १९८१ मध्ये पुढं आणलं, सुरुवातीला म्हणे व्हॅक्यूम क्लीनरची मोटर उलटी वापरून. पुण्याचा भाऊ आप्पांसाठी तसलंच, त्याहून हुशार आणि बरंच महाग यंत्र घ्यायला निघाला होता. श्वास कमी पडला की आपोआप भर घालणारं, म्हणजे झोके सपाट करणारं. डॉक्टरांनी हात जोडले. अशक्त हृदयाच्या तेराशेहून अधिक रुग्णांवर त्याचा अभ्यास झाला होता, २०१५ साली निकाल छापून आला. श्वास छान सरळ झाले, आणि हृदयानं दगावणारे ज्यांना यंत्र लावलं त्यांच्यातच जास्त निघाले. का, यावर अजून वाद आहे. कदाचित तो झोका शरीरानं स्वतःच केलेली सोय असेल, असंही काहींना वाटतं. आप्पांना ते लगेच पटलं. "काटा स्थिर दिसावा म्हणून काट्यालाच दोरी बांधण्यातला प्रकार," म्हणाले.

श्वास जोरात म्हणजे छातीचा आजार, हा आपला सगळ्यांचा समज. माझ्या मावसबहिणीच्या मुलाच्या वेळी तो महागात पडला असता. अकरा वर्षांचं पोर. दोन आठवडे पाणी पाणी करत होतं, रात्री तीनतीनदा लघवीला उठत होतं, वाळलं होतं. परीक्षा चालू, म्हणून कुणी मनावर घेतलं नाही. एक दिवस धाप लागली. जवळच्या दवाखान्यात वाफ दिली, दम्याचं औषध दिलं. घरी आणलं तरी श्वास तसाच, खोल, सारखा, एका लयीत, लोहाराच्या भात्यासारखा. खोकला नाही, घरघर नाही. बहीण म्हणाली, त्याच्या तोंडाला पिकून उतरलेल्या फळासारखा वास येतोय. रात्री मोठ्या दवाखान्यात नेलं. साखर चारशेच्या वर.

फुप्फुसं त्या पोराची स्वच्छ होती. इन्शुलिन नाही म्हणून शरीर चरबी जाळत होतं, त्यातून रक्तात आम्ल साठत होतं, आणि ते कमी करायचा शरीराकडं झटपट मार्ग एकच, कार्बन डायऑक्साइड बाहेर फेकायचा. म्हणून ते खोल श्वास. जर्मनीतल्या फ्रायबुर्गचे आडोल्फ कुसमाउल यांनी १८७४ साली मधुमेही रोग्यांत शेवटाला येणारा हा श्वास नोंदवला. हवेची वाट कुठंही अडलेली नाही आणि तरी रोगी हवेसाठी भुकेला, याचं त्यांना नवल वाटलं होतं. त्यांनी त्याला 'मोठा श्वास' म्हटलं. महाश्वास हाच शब्द झाला की. चरकाचा रोग तोच, असं मी म्हणत नाही. शब्द जुळला याची गंमत. कुसमाउल यांचे रोगी वाचले नाहीत. इन्शुलिनची पहिली सुई टोरोंटोत चौदा वर्षांच्या एका मुलाला टोचली ती जानेवारी १९२२ मध्ये. आमचं पोर आठवड्यात घरी आलं, आता स्वतः टोचून घेतं आणि क्रिकेट खेळतं.

श्वास मोजण्याचं मोल कुणी खऱ्या अर्थानं वसूल केलं असेल तर ते गडचिरोलीत. डॉ. अभय आणि राणी बंग यांनी १९८६ साली 'सर्च' ही संस्था सुरू केली. तिथं पोरं न्यूमोनियानं जात होती. एक्स-रे कुठला, डॉक्टर कुठला. विदर्भात याला 'डब्बा' म्हणतात, पोट फुगतं आणि उडतं म्हणून. आणि पोटाला चटके देण्याचे प्रकार मेळघाटातून अजूनही बातम्यांत येतात. बरगड्यांखालची कातडी प्रत्येक श्वासाला आत ओढली जाते, ते आईला दिसतं. तिचं निरीक्षण बरोबरच होतं, चुकीचा होता तो उपाय.

मोजमाप सोपं आहे. दोन महिन्यांच्या आतल्या बाळाचे मिनिटाला ६० किंवा जास्त, वर्षाच्या आतल्याचे ५०, पाच वर्षांपर्यंत ४०. एवढे भरले तर न्यूमोनिया धरा आणि औषध द्या. बाळ रडत नसताना, अंगावर पीत नसताना, पूर्ण एक मिनिट मोजा. पण गावातल्या सुईणीला साठपर्यंत अंक येत नसतील तर? बंगांनी एक साधं उपकरण केलं. एक मिनिटाची वाळूची घडी आणि मण्यांच्या दोन ओळी, एक तान्ह्यांसाठी, एक त्याहून मोठ्यांसाठी. दहा श्वास झाले की एक मणी सरकवायचा. दहापर्यंत तर बोटांवरही येतं. वाळू संपायच्या आत मणी संपले तर न्यूमोनिया. गावातल्याच माणसांना न्यूमोनिया ओळखायला शिकवलं, गोळ्या-औषध हाती दिलं. त्याचे निष्कर्ष १९९० मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात आले. ज्या गावांत हे केलं तिथं न्यूमोनियाचे बालमृत्यू शेजारच्या भागाच्या जवळपास निम्म्यावर आले होते. मला यात सगळ्यात काय आवडतं सांगू? ती वाळू. वाळू असेपर्यंत उठताच येत नाही. '२०' लिहून पुढं जाता येत नाही.

त्याच्या उलट २०२१ चा एप्रिल आठवा. प्रत्येक घरात बोटाला लावायचा चिमटा. ज्या जपानी अभियंत्याच्या १९७४ मधल्या कल्पनेतून तो आला, ते ताकुओ आओयागी एप्रिल २०२० मध्ये वारले, त्यांचं यंत्र जगात घरोघरी पोचायच्या तोंडावर. व्हॉट्सअॅपवर दिवसभर आकडे. ९६ आहे, ९४ आहे, सहा मिनिटं चालवून बघा. सरकारी सूचनांत ऑक्सिजनच्या आकड्याशेजारीच लिहिलं होतं, की श्वास मिनिटाला २४ झाले तर आजार मध्यम, ३० वर गेले तर गंभीर. आमच्या नात्यातल्या एका गटावर महिनाभरात चारशे तरी मेसेज आले असतील. त्यात श्वासाचा आकडा एकदाही नव्हता. मीही टाकला नव्हता.

आणखी एक श्वास आहे, जो श्वास नसतो. आमच्या कॉलनीच्या मैदानात सकाळी फिरताना एक गृहस्थ कोसळले. आम्ही दहाबारा जण धावलो. ते मध्येच तोंड उघडून हवा ओढत, घशातून खर्र आवाज, मग बराच वेळ काही नाही, पुन्हा एक. "श्वास चालू आहे, श्वास चालू आहे," सगळे म्हणत होते. मीसुद्धा. कुणी पाणी आणलं, कुणी कांदा. आमच्याकडं याला नाव आहे, आचके. हृदय बंद पडल्यावरही काही मिनिटं मेंदूचा देठ असे आचके देत राहतो. हाक मारून, हलवून उठत नसेल आणि श्वास असा असेल, तर तो श्वास धरायचाच नाही. १०८ ला फोन लावायचा आणि छातीच्या मधोमध दोन्ही हातांनी दाबत राहायचं, पाच-सहा सेंटिमीटर खोल, मिनिटाला शंभर ते एकशेवीस वेळा. हे मी नंतर शिकले. त्या दिवशी आम्ही बघत उभे होतो. त्यांची मुलगी मला अजून बाजारात भेटते.

जुलैच्या शेवटी आप्पांचा आकडा २४ वरून २८ झाला. बोटावर ९६. पाय नेहमीइतकेच सुजलेले, वजन तेच. आप्पा म्हणाले काही त्रास नाही. मी दुसऱ्या दिवशी पुन्हा मोजला, पुन्हा २८. डॉक्टरांना फोन केला. त्यांनी तक्रार काय विचारलं, मी म्हटलं तक्रार काहीच नाही, आकडा आहे. दोन सेकंद ते गप्प राहिले आणि अंगातलं पाणी काढायची गोळी वाढवली. तिसऱ्या दिवशी २२. त्या खेपेला दवाखाना टळला. मला फार शहाणपणा आल्यासारखं झालं होतं.

ऑगस्टमध्ये गोळ्या वाढवून काही होईना. आप्पांनी दवाखान्यात जायला नकार दिला, आणि भाऊ, आई, मी, तिघांनीही जोर केला नाही. १८ तारखेला रात्री ३० मोजले. पहाटे मी चहा ठेवायला उठले होते तेव्हा ते गेले. आई शेजारी होती. ती म्हणाली, थांबला, आणि मी वाट बघत बसले.

तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी, एक तारखेला, दूधवाला पोरगा हिशेबाला आला. आईनं कॅलेंडर खिळ्यावरनं काढून त्याच्या हातात दिलं. तो दारातच उकिडवा बसला आणि बोट फिरवत बेरीज करायला लागला. मग थांबला.

"काकू, हे काय? चोवीस, अठ्ठावीस, तीस? एवढ्या म्हशी कुठं हैत आमच्याकडं?"

"ते दुधाचं नव्हे. डावीकडचं बघ."

त्यानं डावीकडचं पाहिलं. एक, एक, दीड, एक. "एकोणीसला काहीच नाही लिहिलं."

"त्या दिवशी चूल नव्हती पेटवली."

"पण दूध घातलं होतं मी. दारातल्या पातेल्यात ओतून गेलो होतो. सगळे आत होते."

आईनं माझ्याकडं पाहिलं. मला आठवत नव्हतं, तिलाही नव्हतं. कुणीतरी उचलून ठेवलं असेल, किंवा मांजरानं.

"मग लिही," आई म्हणाली.

त्यानं सुतळीला बांधलेलं पेन ओढलं, आणि एकोणीसच्या रिकाम्या चौकोनात डाव्या बाजूला एक लिहिला.